फलाटावरची माणसं : पहिल्या चित्रफितींतली आगगाडी आणि रोजचं जगणं

धूळपाटी (धागाकर्ता)

चित्रपटाच्या इतिहासावर काहीही वाचायला घ्या, पहिल्या दोन पानांत एक गोष्ट भेटतेच. लुमिएर बंधूंनी पॅरिसमध्ये पडद्यावर आगगाडी आणली आणि ती अंगावर येते की काय म्हणून लोक खुर्च्या सोडून पळाले. या गोष्टीने त्या फितीवर मोठा अन्याय केलाय, असं माझं स्पष्ट मत आहे. पळणाऱ्या प्रेक्षकांचंच इतकं कौतुक झालं की फितीत काय आहे ते नीट बघायचं राहूनच गेलं.

पळापळीचा निकाल आधी लावू. २८ डिसेंबर १८९५ ला पॅरिसच्या ग्रँड कॅफेच्या तळघरात तिकीट लावून पहिला खेळ झाला. तिकीट १ फ्रँक, पैसे भरून आलेले ३३ जण, फिती १०. त्या दहांत आगगाडी नव्हती. ती पुढच्या महिन्यात पडद्यावर आली. लोक पळाल्याची त्या वेळची एकही भरवशाची बातमी सापडत नाही. मार्टिन लॉइपरडिंगर या जर्मन अभ्यासकाने ही दंतकथा कशी रुजत गेली ते सविस्तर मांडलंय. शिवाय आज आपण बघतो ती फीत १८९७ च्या उन्हाळ्यात पुन्हा चित्रित केलेली आहे. म्हणजे जिला बघून लोक पळाले असं सांगतात, ती ही फीत नव्हेच.

आता फीत बघा. ला सिओता हे फ्रान्सच्या दक्षिण किनाऱ्यावरचं गाव, लुमिएर कुटुंबाचं उन्हाळी घर तिथे होतं. कॅमेरा फलाटावर, रुळांना लागून ठेवलाय. एक हमाल गाडा ओढत पुढे येतो. लांबून इंजिन येतं, मोठं होत होत डावीकडून चौकटीबाहेर निघून जातं. इथे इंजिनाचं काम संपलं, आणि अजून निम्म्याहून जास्त फीत शिल्लक आहे! उरलेला सगळा वेळ डब्यांची उघडणारी दारं आणि माणसं. कुणी उतरतंय, कुणी जागा शोधत गाडीच्या कडेने धावतंय, बायका मुलांचे हात धरून घाईत आहेत. एक तरुण हातात बोचकं घेऊन थेट कॅमेऱ्यासमोर येतो, बिचकतो, आता कुठे जावं ते त्याला कळत नाही, आणि मग बाजूने निघून जातो. सव्वाशे वर्षांनंतरही त्याचं ते बिचकणं जसंच्या तसं दिसतं. कुणी त्याला ते करायला सांगितलेलं नव्हतं.

माझं म्हणणं एवढंच की या फितींची खरी दौलत फोटोग्राफरने ठरवून टिपलेल्या गोष्टीपेक्षा तिच्या आजूबाजूला आहे. कडेची माणसं, मागची दुकानं, कुणाची टोपी, कुणाचं कुत्रं. एकूण फीत १७ मीटर, वेळ पन्नासेक सेकंद. तेवढ्यात तुम्ही काय काय बघितलंत ते इथे लिहा. फक्त ला सिओताच नको. १९१० च्या आसपासपर्यंतची कुठलीही आगगाडीची, ट्रामची, रस्त्याची, कारखान्याची फीत चालेल.


घाटगार्ड

छान विषय. मी मध्य रेल्वेत गार्ड होतो, आता निवृत्त आहे. धागा वाचून ती फीत लावली आणि आमच्या सवयीप्रमाणे माणसांआधी डबेच बघितले.

हे डबे आतून एकमेकांना जोडलेले नाहीत. प्रत्येक कप्प्याला फलाटाकडे स्वतःचं दार. त्यामुळे गाडी थांबली की एकदम ओळीने दारं उघडतात आणि ती बाहेरच्या बाजूला उघडतात. अशा गाडीत जागा शोधायची तर आतून चालत जाता येत नाही, फलाटावरूनच डोकावत जावं लागतं. ती माणसं धावताहेत ती घाबरून नव्हे, गाडी सुटायच्या आत रिकामा कप्पा मिळवायला. आणि सुटण्याआधी एकूण एक दार बंद आहे हे रेल्वेच्या माणसाने बघायचं. आपल्याकडेही सुरुवातीला याच धर्तीचे डबे होते.

मला एक शंका आहे. फलाटावरचं कुणीच कॅमेऱ्याकडे टक लावून बघत नाही. माझ्या नोकरीत स्टेशनावर साधा व्हिडिओ कॅमेरा आला तरी निम्मा फलाट त्याच्यासमोर गोळा व्हायचा. १८९७ साली लोकांना कुतूहल नव्हतं?


धूळपाटी

काका, डब्यांचं हे मी कधीच असं बघितलं नव्हतं. आता ती धावपळ वेगळी दिसते.

तुमच्या शंकेचं उत्तर : फलाटावरची काही माणसं लुमिएरांच्या घरचीच आहेत. बायका, मुलं. कॅमेऱ्याकडे बघू नका अशी सूचना मिळालेली असणार, असं अभ्यासक मानतात. तो बोचकंवाला तरुण मात्र त्यांतला वाटत नाही, म्हणून तर तो अडखळतो.

असंच कारखान्याच्या फितीचं. लिऑनच्या मोंप्लेझीर भागात लुमिएरांचा फोटोच्या काचा बनवायचा कारखाना होता. सुटी झाल्यावर फाटकातून कामगार बाहेर पडतात, एवढीच फीत, आणि तिच्या तीन आवृत्त्या आहेत. अभ्यासक त्या घोड्यांवरून ओळखतात : एक घोडा, दोन घोडे, घोडाच नाही. एकीत कामगार कामाच्या कपड्यांत दिसतात, दुसऱ्या आवृत्तीत रविवारचे ठेवणीतले कपडे घालून आलेत. त्यात बायकाच जास्त आहेत, हेही बघण्यासारखं. त्या रस्त्याला आज पहिल्या चित्रपटाचंच नाव दिलंय.


सायली_आर

मग या फितींना पहिले अनुबोधपट म्हणतात ते कशाला? घरची माणसं फलाटावर उभी केली, कामगारांना चांगले कपडे घालून पुन्हा बोलावलं. हे तर दिग्दर्शन झालं. मला हे खटकतं. आपण "जसंच्या तसं जगणं" म्हणून बघतो आणि ते आधीच मांडून ठेवलेलं निघतं.


जुनीरीळं

सायली, मी चित्रफितींच्या दुरुस्तीच्या कामात आहे, म्हणून तांत्रिक बाजू सांगतो. लुमिएरांच्या यंत्रात एका वेळी १७ मीटर फीत मावायची. हँडल फिरवायला सुरुवात केली की पन्नास सेकंदांनी खेळ खलास. कामगार आपल्या मर्जीने, गप्पा मारत बाहेर पडले असते तर फीत संपेपर्यंत निम्मेही निघाले नसते. फाटक उघडणं, सगळे बाहेर पडणं, फाटक मिटणं हे सगळं त्यात बसवायचं तर घाई करा म्हणून सांगावंच लागणार. ही मांडणी यंत्राच्या मर्यादेतून आली.

आणि मांडणी किती जणांवर चालते? पुढच्या दोघांवर. मागच्या चाळीसांचं काय? लक्ष देऊन बघा, एक बाई शेजारणीचा झगा ओढून चेष्टा करते. ते कुणी मांडलं?

हे यंत्र चित्रण करायचं, त्याच्यातच प्रती काढता यायच्या आणि तेच पडद्यावर दाखवायचंही. वजन पाचेक किलो. त्यामुळे लुमिएरांची माणसं एक पेटी घेऊन जगभर गेली. दिवसा गावातली गंमत चित्रित करायची, रात्री गावालाच दाखवायची.


धूळपाटी

या फिरस्त्यांपैकी आलेक्सांद्र प्रोमियोबद्दल लिहिल्याशिवाय राहवत नाही. १८९६ मध्ये व्हेनिसला त्याने यंत्र होडीत ठेवलं आणि कालव्याकाठची घरं पडद्यावर सरकायला लागली. कॅमेरा जागचा हलवता येतो हे तिथे लोकांना कळलं. मग तो आगगाडीत चढला. १८९७ चं "जेरुसलेमहून प्रस्थान" जरूर बघा. कॅमेरा सुटणाऱ्या गाडीच्या मागच्या टोकाला आहे. फलाटावर आधी युरोपी पोशाखातली माणसं, मग स्थानिक अरब, मग ज्यू, असं सगळं गाव क्रमाने लांब जात राहतं. कुणी टोपी काढून निरोप देतं. ला सिओतात गाडी माणसांकडे येते, इथे गाडी माणसांपासून निघून जाते. मला दोन्हींत ही जास्त आवडते.

त्याच वर्षी अमेरिकेत हॅव्हरस्ट्रॉच्या बोगद्याची फीत निघाली. इंजिनाच्या तोंडाशी कॅमेरा बांधलेला. अशा फितींना तेव्हा भुताची सफर म्हणत, कारण पुढे धावतंय कोण ते दिसतच नाही. त्यांची इतकी चलती झाली की जॉर्ज हेल नावाच्या कॅन्सस सिटीच्या माजी अग्निशमन प्रमुखाने प्रेक्षागृहच रेल्वेच्या डब्यासारखं बांधलं. दाराशी गणवेशातला तिकीटवाला, खाली डबा हलवणारी यंत्रणा, समोर पडद्यावर धावणारे रूळ.


गिरगावकर

मुंबईचा विषय निघायलाच हवा. ७ जुलै १८९६. काळा घोड्याजवळचं वॉटसन हॉटेल, म्हणजे आज मोडकळीला आलेली एस्प्लनेड मॅन्शन. लुमिएरांचा माणूस मारियस सेस्तिए, मूळचा औषधविक्रेता, ऑस्ट्रेलियाच्या वाटेवर मुंबईत उतरला आणि त्याने सहा फिती दाखवल्या. एका संध्याकाळी चार खेळ, तिकीट १ रुपया. त्या सहांत आगगाडीचं आगमन होतं, कारखान्यातून सुटणारे कामगार होते, समुद्रस्नान होतं, भिंत पाडण्याची फीत होती. पॅरिसच्या पहिल्या खेळानंतर अवघ्या सहा-सात महिन्यांत हे मुंबईत.

आता पळापळीचा विचार मुंबईच्या बाजूने करा. बोरीबंदर ते ठाणे गाडी १६ एप्रिल १८५३ ला धावली होती. म्हणजे १८९६ च्या मुंबईकराला आगगाडी बघून ४३ वर्षं झाली होती, हॉटेलपासून थोड्याच अंतरावर व्हिक्टोरिया टर्मिनसची नवी इमारत दिमाखात उभी होती. गाडीला घाबरणार कोण? नवल होतं ते गाडीचं चित्र चालतं याचं.

आठवड्याभरात खेळ नॉव्हेल्टी नाटकगृहात गेले. तिथे तिकिटं ४ आण्यांपासून २ रुपयांपर्यंत, आणि पडदानशीन बायकांसाठी वेगळी सोय. सामान्य मुंबईकराने सिनेमा पहिल्यांदा बघितला असेल तो तिथल्या ४ आण्यांच्या जागेवरून. एवढं असून स्मरणरंजनाच्या लेखांत नेहमी वॉटसनचंच नाव येतं, नॉव्हेल्टीचं कुणी काढत नाही. सप्टेंबरात शहरात प्लेग उघडकीला आला आणि मुंबईचे दिवसच पालटले. त्याच्या जेमतेम दोन महिने आधीचे हे खेळ आहेत.


निशिगंध

आणि सावेदादा? हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर. मुंबईतले छायाचित्रकार. लुमिएरांचे खेळ बघून त्यांनी इंग्लंडहून २१ गिनींना कॅमेरा मागवला आणि १८९९ मध्ये हँगिंग गार्डनला पुंडलिकदादा आणि कृष्णा न्हावी यांची कुस्ती चित्रित केली. फीत धुवायला लंडनला गेली आणि परत येऊन मग इथे दाखवली गेली. माकडवाल्याच्या खेळाची फीतही त्यांचीच. १९०१ च्या डिसेंबरात रँग्लर परांजपे केंब्रिजहून परतले, तेव्हा मुंबईत झालेलं स्वागतही त्यांनी टिपलं. भारतीय माणसाने काढलेला पहिला वार्तापट म्हणून त्याचा उल्लेख होतो.

यातलं काहीही आज बघायला मिळत नाही. मला कुस्तीपेक्षा कुस्ती बघायला जमलेल्या लोकांची जास्त हळहळ वाटते. पागोट्यांचे किती प्रकार असतील त्या गर्दीत! १८९९ च्या मुंबईतली पोरं झाडावर चढून कुस्ती बघत असतील का, की सगळे मातीभोवती कोंडाळं करून? धूळपाटीने वर कडेच्या माणसांबद्दल लिहिलंय, तर आपल्याकडची कडेची माणसं पार गेली.


नाशिककर

निशिगंधताई, फाळक्यांचंही सांगायला हवं. "राजा हरिश्चंद्र"च्या आधी, १९१२ साली, त्यांनी वाटाण्याच्या रोपाची वाढ टिपली होती. कॅमेरा कुंडीसमोर ठेवायचा, थोड्या थोड्या अवधीने एकेक चौकट (फ्रेम) घ्यायची. पडद्यावर कोंब भराभर वर येतो. भांडवल उभं करायला त्यांनी ही फीत दाखवली. तीही हरवली. १९१७ ची, चित्रपट कसे तयार करतात त्याची फीत मात्र तुकड्यांत उरलीय. त्यात खुद्द फाळके काम करताना दिसतात. मला ते तुकडे त्यांच्या पौराणिक पटांइतकेच मोलाचे वाटतात.


वुपरकाठ

मी जर्मनीत वुपरटालला राहते आणि रोज टांगत्या रेल्वेने कामावर जाते. रूळ वर, डबा खाली लोंबकळत, आणि बऱ्याच अंतरात खाली वुपर नदी. ही गाडी मार्च १९०१ मध्ये सुरू झाली, आणि १९०२ मध्ये कुणीतरी डब्याच्या पुढच्या बाजूला कॅमेरा लावून फीत काढली. न्यूयॉर्कच्या आधुनिक कला संग्रहालयाने ती २०२० मध्ये सगळ्यांसाठी खुली केली.

मी ती पहिल्यांदा बघितली तेव्हा वेळेचा अंदाजच चुकल्यासारखं झालं. इतकी स्वच्छ! खालून जाणारी माणसं, खेळणारी मुलं, खिडक्या, सगळं कालचं वाटावं असं. वळणं तीच आहेत. लोखंडी कमानींची रांग तशीच. मी इथल्या एका शेजारणीला, वय ऐंशीच्या पुढचं, फीत दाखवली. तिने ती थांबवून थांबवून बघितली आणि युद्धात बाँबहल्ल्यांत गेलेल्या भागाबद्दल बोलत राहिली. शहरातल्या घरांचा तो पट्टा तिच्या जन्मानंतर काही वर्षांतच नाहीसा झाला होता.

जुनीरीळंना प्रश्न : १९०२ ची फीत इतकी स्पष्ट कशी? १९३० च्या बोलपटांच्या प्रतीही इतक्या चांगल्या नसतात.


जुनीरीळं

फितीची रुंदी. नेहमीची फीत ३५ मिमी असते. ही अमेरिकन म्युटोस्कोप कंपनीची ६८ मिमीची. चौकटीचं क्षेत्रफळ कितीतरी पट जास्त, शिवाय सेकंदाला तीसच्या आसपास चौकटी. त्यामुळे बारकावे टिकले आणि हालचालही गुळगुळीत आली. कंपनीने ही रुंदी एडिसनच्या पेटंटमधून वाट काढण्यासाठी निवडली होती, आपल्या पदरात मात्र हे सुख पडलं.


पिक्सेलपंत

स्पष्टतेचा विषय निघालाच आहे तर २०२० मध्ये गाजलेलं ला सिओताचं रूप बघितलंत का? डेनिस शिर्यायेव यांनी संगणकावर ४के, म्हणजे खूप बारकाव्यांचं, करून सेकंदाला ६० चौकटी केलेलं. माझ्या मुलाला मूळ फीत दाखवली, दहा सेकंदांत उठून गेला. हे रूप त्याने तीनदा बघितलं आणि नंतर वाफेचं इंजिन कसं चालतं ते विचारत बसला. याने नुकसान काय होतंय?


जुनीरीळं

पंत, मुलगा बसून बघतो याचा मलाही आनंद आहे. पण हिशोब बघा. लुमिएरांची फीत सेकंदाला १६ चौकटींच्या आसपास. हँडल सेकंदाला दोनदा फिरवायचं, दर फेऱ्याला आठ चौकटी. ६० चौकटींच्या रूपात सेकंदाला १६ खऱ्या आणि ४४ संगणकाने मधे भरलेल्या. म्हणजे पडद्यावरच्या दर चारांतल्या जवळपास तीन चौकटी १८९७ साली नव्हत्याच. मूळ फितीत लांबच्या माणसाचा चेहरा म्हणजे फितीवरच्या चांदीच्या कणांचा एक ठिपका असतो. संगणक तिथे डोळे, नाक काढतो. ते डोळे कुणाचे? त्या माणसाचे तर नाहीत. रंग दिले तर शालीचा रंग कुणी ठरवला?

दाखवा, पण मूळही शेजारी दाखवा. आणि वेगाचं एवढं करा. मूकपटातली माणसं तुरुतुरु चालतात असा समज आहे, तो चुकीच्या वेगाने दाखवल्यामुळे झालाय. १६ चौकटींची फीत बोलपटाच्या २४ च्या वेगाने लावली की सगळं दीडपट भरभर होतं. योग्य वेगाने लावली तर ती तुमच्याआमच्यासारखीच चालतात. मुलाला ते दाखवा, तो उठणार नाही असं मला वाटतं.


पिक्सेलपंत

दीडपटीचं माहीत नव्हतं. रविवारी मूळ फीत कमी वेगाने लावून बघतो. पण रंगांच्या बाबतीत माझं मत अजून तेच आहे. ज्याला इतिहासाची ओढ नाही त्याच्यासाठी दार उघडं राहायला हवं.


सायली_आर

वर मी मांडणीबद्दल तक्रार केली होती. जुनीरीळंचं उत्तर वाचून मिचेल आणि केन्यन यांच्या फिती बघायला बसले आणि आता त्यांच्यातच अडकलेय.

ज्यांना माहीत नसेल त्यांच्यासाठी : इंग्लंडच्या लँकशर परगण्यात ब्लॅकबर्न नावाचं गिरण्यांचं गाव. तिथल्या या दोघांना जत्रेतले तंबूवाले सुपारी द्यायचे. दुपारी गिरणीच्या फाटकावर कॅमेरा लावायचा, सुटीला बाहेर पडणारे कामगार टिपायचे, आणि रात्री जत्रेत "स्वतःला पडद्यावर बघा" म्हणून तिकिटं विकायची. जितके चेहरे जास्त तितकी तिकिटं जास्त. म्हणून इथे कॅमेऱ्याकडे बघू नका असं कुणी म्हणत नाही. उलट सगळे बघतात! पोरं मुद्दाम परत परत समोरून जातात, बाया शाली डोक्यावर ओढून हसतात, एखादा टोपी उडवतो. यात पैशाचा सरळ हिशोब होता, आणि त्या हिशोबामुळेच राजेरजवाडे सोडून गिरणीतल्या पोरी पडद्यावर आल्या. लुमिएरांनी घरच्यांना गप्प उभं केलं त्यापेक्षा मला हे कितीतरी खरं वाटतं.

१९९४ मध्ये ब्लॅकबर्नमधलं त्यांचं जुनं दुकान पाडताना तळघरात धातूचे मोठे पिंप सापडले. आत ८०० हून अधिक मूळ फिती. पीटर वर्डन या स्थानिक अभ्यासकाने त्या वाचवल्या, पुढे ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने त्यांच्यावर काम केलं. लहान लहान मुलं गिरणीतून बाहेर पडताना दिसतात, तिथे मी फीत थांबवली. आमच्या आजोबांनी सोलापूरच्या गिरणीत उमेदवारी केली ती बारा-तेराव्या वर्षी. गिरणी सुटतानाचा त्यांचा एकही फोटो आमच्याकडे नाही.


धूळपाटी

सायली, तुझी ही पोस्ट धाग्याच्या सुरुवातीला असायला हवी होती. पैशासाठी काढलेल्या फितींनी सामान्य माणसांना जागा दिली, हे फार महत्त्वाचं निरीक्षण आहे.

कडेची माणसं काय सांगतात याचं आणखी एक उदाहरण देतो. सॅन फ्रान्सिस्कोतल्या मार्केट स्ट्रीटवरून केबल कारच्या पुढे कॅमेरा लावून माइल्स बंधूंनी १३ मिनिटांची फीत काढली. ती बरीच वर्षं १९०५ ची मानली जायची. डेव्हिड कीन या अभ्यासकाने रस्त्यावरचं साचलेलं पाणी, हवामानाच्या नोंदी, मोटारींच्या पाट्यांवरचे नोंदणी क्रमांक असं सगळं जुळवून सिद्ध केलं की ती एप्रिल १९०६ ची, भूकंपाच्या अगदी काही दिवस आधीची आहे. १८ एप्रिलला भूकंप झाला, मागून आग लागली आणि त्या रस्त्यावरचं बहुतेक सगळं गेलं. फीत आदल्या दिवशीच न्यूयॉर्ककडे रवाना झाली होती म्हणून वाचली. नीट बघितलं तर त्याच त्या मोटारी वळसा घालून पुन्हा पुन्हा समोरून जातात. रस्ता गजबजलेला दिसावा म्हणून ही मांडणी. पण घोडागाड्यांच्या मधून जिवावर उदार होऊन रस्ता ओलांडणारी माणसं मांडलेली नाहीत, आणि काळ सापडला तो डबक्यांवरून!


गिरगावकर

भारतातल्या उरलेल्या सर्वांत जुन्या फितींपैकी एकीचंही असंच झालंय. "पॅनोरमा ऑफ कलकत्ता" नावाने १८९९ ची फीत आहे. होडीतून घाट दिसतात. पण तो कलकत्ता नाही, वाराणसी आहे. लंडनमध्ये बसून नाव देणाऱ्याला दोन्ही सारखीच. घाट ओळखणारा कुणीही एका नजरेत सांगेल. ब्रिटिश फिल्म इन्स्टिट्यूटने २०१७ मध्ये "इंडिया ऑन फिल्म" म्हणून बऱ्याच फिती जालावर मोफत ठेवल्या, त्यात ती आहे. अशा फितींवर आपल्या लोकांनी बसायला हवं. पोशाखावरून, पाटीवरून, बैलांच्या शिंगांवरून गाव आपण सांगू शकू, तिथल्या सूचीकाराला ते जमणार नाही.


घाटगार्ड

यात मी येतो. रेल्वेचं काही दिसलं तर इंजिनावरून, सिग्नलवरून, डब्यांच्या रंगछटेवरून कंपनी तरी नक्की सांगू शकेन. जीआयपी आणि बीबीसीआय या जुन्या रेल्वे कंपन्यांचं सामान वेगळं ओळखू येतं. माझे दोन जुने सहकारीही बसतील, एक चालक होता, एक सिग्नल खात्यात.

जेरुसलेमची फीत बघितली. सुटताना गाडीला झटका नाही, म्हणजे चालकाने रेग्युलेटर, इंजिनाला वाफ सोडणारा दांडा, फार हळुवार उघडलाय. कॅमेरा असल्याचं त्याला सांगितलेलं असावं, असा माझा अंदाज.


निशिगंध

आपल्याकडच्या फिती गेल्या त्याचं कारणही सांगा ना कुणी. निष्काळजीपणा एवढंच?


जुनीरीळं

निष्काळजीपणा आहेच, पण एकटा नाही. १९५० च्या आसपासपर्यंत व्यावसायिक ३५ मिमी फीत नायट्रेटची असायची. ती पेटली की स्वतःच प्राणवायू तयार करते, पाण्याखालीही जळत राहते. कलकत्त्याचे सुरुवातीचे चित्रपटकार हिरालाल सेन यांचं सगळं काम १९१७ च्या आगीत गेलं. पुण्यातही २००३ च्या जानेवारीत नायट्रेट फितींच्या कोठाराला आग लागून केवढा तरी ठेवा नष्ट झाला. आणि न पेटता राहिली तरी आपल्या उन्हाळ्यात आणि दमटपणात ती आधी चिकट होते, मग तिची भुकटी होते. त्याशिवाय चांदी. जुन्या फितीत चांदी असते, ती काढायला रिळं भंगारात विकली गेली. आणि एकदा खेळ संपल्यावर वाटाण्याच्या कोंबाची फीत जपून ठेवावी असं १९१२ साली कुणाला वाटणार? राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय पुण्यात निघालं ते १९६४ साली. तोवर पहिली पिढी हातची गेली होती.


वुपरकाठ

जरा वेगळं विचारते. माझ्या सासरी, मिरजेला, माळ्यावर पत्र्याच्या गोल डब्यांत काही रिळं आहेत. सासऱ्यांचे वडील रेल्वेत होते आणि त्यांना कॅमेऱ्याचा नाद होता एवढंच घरात माहीत आहे. पुढच्या महिन्यात तिकडे जातेय. आगीचं वाचून आता भीती वाटते. उघडायची का?


घाटगार्ड

मिरज! तिथे तर मीटर गेज, ब्रॉड गेज आणि नॅरो गेज तिन्ही एकत्र होती. काहीही करा पण ती रिळं टाकू नका.


जुनीरीळं

घाबरू नका. घरगुती १६ मिमी, साडेनऊ मिमी आणि ८ मिमीच्या फिती नायट्रेटच्या नसतात. आधी रुंदी मोजा. ३५ मिमी भरली तर मात्र डबा परत लावून सावलीत, घराबाहेर ठेवा आणि मला लगेच कळवा.

बाकीच्यांसाठी : डबा उघडल्यावर व्हिनेगरसारखा आंबट वास आला तर फीत खराब व्हायला लागलीय, ती इतर डब्यांपासून वेगळी ठेवा. कुठल्याही परिस्थितीत जुन्या प्रोजेक्टरवर चढवू नका, आकसलेल्या फितीची भोकं दात्यांवर फाटतात. फ्रिजमध्येही ठेवू नका, कोरडी थंड खोली पुरे. डब्यावरच्या चिठ्ठ्या आणि हस्ताक्षर यांचे फोटो काढा, चिठ्ठ्या फाडू नका.

मग सुती हातमोजे घालून पहिला हातभर भाग उजेडासमोर धरा. कोडॅकची फीत असेल तर कडेला छोटा गोल, चौकोन, त्रिकोण अशा खुणा छापलेल्या असतात. त्यांवरून फीत कोणत्या साली बनली ते कळतं. खुणा वीस वर्षांनी पुन्हा येतात, म्हणजे १९२७ आणि १९४७ ची खूण सारखी, पण घरातल्या माणसांना विचारून त्यातलं एक पक्कं करता येतं. १६ मिमीची असेल तर भोकं दोन्ही कडांना आहेत की एकाच, तेही बघा. खुणांचा जवळून फोटो काढून इथे टाका, साल मी सांगतो. डबे-इंजिन दिसलं तर काका आहेतच.